पायऱ्यांवरून मंचावर

शेगावचं आनंद सागर म्हटलं की पोरांना झुकझुक गाडी आठवते. मला आठवतो तिथला खुला रंगमंच. गजानन महाराज संस्थाननं तळं, ध्यानकेंद्र आणि हिरवळीसोबत तोही उभारला होता. मध्यंतरी काही वर्षं हे उद्यान बंद होतं; २०२३मध्ये त्याचा काही भाग पुन्हा खुला झाला.

उद्यानात रंगमंच कशाला, असं काहींना वाटतं. पण मैत्रिणींनो, सहलीला गेलं तरी बाई डबा, पिशव्या अन् पोरांच्या चपला सांभाळत बसते. पाळण्यात बसायचा तिला संकोच. रंगमंचापुढच्या पायऱ्यांवर मात्र सासू, सून, नात शेजारी बसतात. तिथं तिचाही जीव रमतो.

पण तिनं नुसतं बघतच का बसावं? महिला मंडळांच्या कामानिमित्त मी गावोगाव फिरते. भजन म्हणणाऱ्या, भारुड करणाऱ्या कितीतरी जणी भेटतात. त्यांना देवळाचा ओटा मिळतो, मंच मिळत नाही. म्हणून जिल्ह्यात कुठंही उद्यान होवो, तिथं चार-पाचशे माणसांपुरता रंगमंच हवा अन् आठवड्यातली एक दुपार या बायकांच्या नावे हवी. सावली, प्यायला पाणी, जवळ स्वच्छतागृह, पायऱ्यांना कठडा हवा. अन् कार्यक्रम शेवटच्या एसटीआधी संपावा, म्हणजे घरचेही अडवणार नाहीत.

जिजाऊंच्या सिंदखेडराजाचा हा जिल्हा. इथल्या लेकीसुनांना माईकपुढं उभं राहायला कुणाची मनधरणी करावी लागू नये.