सहवेदनेलाही सराव लागतो

वैद्यकीय महाविद्यालयात प्रवेश मिळवणाऱ्या विद्यार्थ्याची बुद्धी गुणपत्रिकेवरून कळते. रुग्णाच्या मनातील भीती त्याला ओळखता येईल की नाही, हे मात्र तीवरून कळत नाही. सहवेदना उपजतच असते किंवा नसते, ती शिकवता येत नाही, अशी सर्वसाधारण समजूत आहे. तथापि ती शिक्षणाच्या काळातच घटू शकते, असे दिसून आले आहे. अमेरिकेत फिलाडेल्फिया येथील जेफरसन वैद्यकीय महाविद्यालयात मोहम्मदरझा होजात व त्यांच्या सहकाऱ्यांनी विद्यार्थ्यांच्या सहवेदनेचे सातत्याने मापन केले. २००९ साली प्रसिद्ध झालेला त्यांचा निष्कर्ष अस्वस्थ करणारा होता. तिसऱ्या वर्षी, म्हणजे रुग्णांशी नित्य संबंध येऊ लागतो नेमका तेव्हाच, ही सहवेदना ओसरू लागते. जे झिजते ते जपावे लागते, आणि त्यासाठी सराव हवा.

अशा सरावाची एक पद्धत १९६३ साली लॉस एंजेलिस येथे जन्मास आली. सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठातील मज्जाविकारतज्ज्ञ डॉ. हॉवर्ड बॅरोज यांनी एका निरोगी महिलेला पाय लुळे पडलेल्या रुग्णाची भूमिका शिकवली. विद्यार्थी तिला तपासत आणि तपासणी कशी झाली याची नोंद ती स्वतः करी. आरंभी या कल्पनेची थट्टा झाली. आज ती जगभर रुजली आहे. 'सिम्युलेशन' म्हणतात ते हेच : खऱ्या प्रसंगाआधी त्याचा हुबेहूब सराव.

समजा, विद्यार्थ्याला कर्करोगाचे निदान सांगावयाचे आहे. समोरचा 'रुग्ण' ते ऐकून स्तब्ध होतो. विद्यार्थी गोंधळतो आणि घाईघाईने उपचारांची माहिती देऊ लागतो. प्रसंग संपतो, आणि खरे शिक्षण तेथून सुरू होते. भूमिका करणारी व्यक्ती सांगते, "तो शब्द ऐकल्यावर मला पुढचे काही ऐकूच आले नाही, तुम्ही मात्र बोलतच राहिलात." शिक्षकांसह चर्चा होते आणि तोच प्रसंग पुन्हा केला जातो. खऱ्या रुग्णाच्या बाबतीत ही दुसरी संधी मिळत नाही.

याच हेतूने वार्धक्याचा अनुभव देणारे पोशाखही तयार झाले आहेत. एमआयटीच्या 'एजलॅब'मधील 'ॲग्नेस' हा पोशाख चढवला की सांधे आखडतात, दृष्टी मंदावते, पाऊल डळमळते. औषधाच्या बाटलीचे झाकण उघडण्यास आजोबांना इतका वेळ का लागतो, हे तरुणाला क्षणात उमगते.

मात्र येथे सावधगिरी हवी. स्वतः दृष्टिहीन असलेल्या संशोधिका एरिएल सिल्व्हरमन व त्यांच्या सहकाऱ्यांनी काही जणांच्या डोळ्यांवर पट्टी बांधून प्रयोग केले. पट्टी बांधलेल्यांना अंधत्वाची भीती अधिक वाटली आणि दृष्टिहीन व्यक्ती त्यांना अधिक असमर्थ वाटू लागल्या. कारण पट्टी केवळ पहिल्या काही मिनिटांची गैरसोय दाखवते. वर्षानुवर्षांच्या सवयीने मिळवलेले कौशल्य दाखवत नाही. सहवेदनेच्या जागी कणव आली, तर रुग्णाचा मानच कमी होतो. म्हणून सोंगापेक्षा नंतरचे ऐकणे महत्त्वाचे, आणि ज्याचे दुःख आहे त्याच्याच तोंडून ऐकणे सर्वांत महत्त्वाचे.

भारतातही २०१९ पासून एमबीबीएसच्या अभ्यासक्रमात वृत्ती, नीतिमूल्ये व संवाद यांचे 'एटकॉम' हे शिक्षण समाविष्ट झाले आहे. 'रुग्ण असणे म्हणजे काय' हा त्यातील आरंभीच्या विषयांपैकी एक आहे. परंतु विषय कागदावर येणे आणि तो अंगी बाणणे यांत अंतर असते. ते अंतर प्रशिक्षित शिक्षक, रुग्णाची भूमिका करणारी माणसे आणि पुरेसा वेळ यांनीच भरून निघते.

व्यापारी कुटुंबांचे दान रुग्णालयांना इमारतींच्या आणि यंत्रांच्या रूपाने मिळत आले आहे. त्यातील अल्प वाटा अशा सरावाच्या खोलीसाठी आणि भूमिका करणाऱ्यांच्या मानधनासाठी राखून ठेवला, तर त्या दानावर नावाची पाटी कदाचित लागणार नाही. पण ज्या घरातील मूल डॉक्टर होऊ पाहत आहे, त्या घराला या शिक्षणासाठी महाविद्यालयाची वाट पाहण्याचेही कारण नाही. घरातील आजारी वडीलधाऱ्यांजवळ रोज अर्धा तास बसून, सल्ला न देता त्यांचे ऐकून घेणे, हा त्याचा पहिला धडा होऊ शकेल.