मेक्सिकोचे चॉकलेट : पारख जिभेची, विवेक मनाचा



पालघर, बोईसर, तारापूर या पट्ट्यातील आपल्या समाजाच्या अनेक घरांतील मुले-मुली आता अमेरिकेत स्थिरावली आहेत. त्यांना भेटावयास गेलेले आईवडील शेजारच्या मेक्सिकोचीही सहल करून येतात. त्या सहलीत चॉकलेट चाखण्याचा एक तास बहुधा ठरलेला असतो आणि त्या तासाला आपल्या मंडळींची दोन टोके दिसतात. तरुण मंडळी समोर येईल ते तोंडात टाकतात. वडीलधारे हात जोडून बाजूला बसतात. एका बाजूने विचार न करता घेतले, दुसऱ्या बाजूने विचार न करता सोडले. हे काय आहे, कशाचे आहे, कसे केले, असा प्रश्न मात्र दोघांनीही विचारला नाही. नमुना पाहिल्याशिवाय पोते न उचलणाऱ्या व्यापारी घराण्यांना हे शोभणारे नाही. म्हणून या महिन्याच्या सदरात मेक्सिकोच्या पारंपरिक चॉकलेटची पारख कशी करावी आणि ती करताना आपला आचार कसा सांभाळावा, याचा विचार करू.

त्या देशाचे एक फळ आपल्या दारात शतकाहून अधिक काळ नांदत आहे. बोईसरहून रेल्वेने वाणगाव ओलांडून डहाणू-घोलवडकडे जाऊ लागले की चिक्कूच्या वाड्या दिसू लागतात. डहाणू-घोलवड चिक्कूला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. या झाडाचे मूळ घर दक्षिण मेक्सिको आणि मध्य अमेरिकेच्या अरण्यांत आहे. तेथे त्यास 'चिकोसापोते' म्हणतात. आपल्या 'चिक्कू'त त्या नावाचा पूर्वार्ध आजही ऐकू येतो. त्याच प्रदेशात कोकोच्या बियांपासून पेय करण्याची परंपरा हजारो वर्षांची आहे. पेरू, अननस, काजू, मिरची ही अमेरिकेची पिके पोर्तुगीजांच्या गलबतांतून पश्चिम किनाऱ्यावर आली. तारापूरचा किल्लाही १७३९ मध्ये चिमाजी आप्पांच्या सैन्याने जिंकेपर्यंत त्याच पोर्तुगीजांच्या ताब्यात होता. या देवघेवीत आपल्या बाजूचा मालही तिकडे गेला. मेक्सिकोच्या चॉकलेटमधील दालचिनी ही सिलोनची, म्हणजे श्रीलंकेची, पातळ सालीची दालचिनी असते आणि मेक्सिको आजही तिचा मोठा ग्राहक आहे.

बी हेच नाणे

व्यापाऱ्याला कोकोची ओळख पटावी, असा एक भाग इतिहासात आहे. अॅझ्टेक राज्यात कोकोच्या बिया चलन म्हणून चालत. स्पॅनिश सत्ता आल्यावरही हा व्यवहार टिकून राहिला. त्लाश्काला येथील १५४५ सालच्या एका दरपत्रकात मोठ्या टोमॅटोस एक बी आणि ताज्या तोडलेल्या अॅव्होकॅडोस तीन बिया असा भाव नोंदलेला आहे. नाणे आले की खोटे नाणेही येते. सोळाव्या शतकातील पाद्री बेर्नार्दिनो दे साहागुन यांनी बनावट बिया तयार करून खऱ्या बियांत मिसळणाऱ्या लबाड विक्रेत्यांचे वर्णन करून ठेवले आहे. बँकेच्या खिडकीमागे आयुष्य गेलेल्या माणसाला हा मजकूर परका वाटत नाही. ज्या वस्तूची नक्कल होते, तिची पारख करणारेही समाजात तयार होतात.

चॉकलेट कसे होते

कोकोच्या फळात पांढऱ्या गरात गुंडाळलेल्या तीस-चाळीस बिया असतात. त्या गरासह काही दिवस आंबवतात, उन्हात वाळवतात, मातीच्या किंवा लोखंडी तव्यावर भाजतात आणि टरफल पाखडून काढतात. नंतर त्या 'मेटाते' नावाच्या दगडावर वाटतात. मेटाते हा आपल्या पाट्याचाच भाऊ. मात्र त्यास तीन पाय असतात, तो उतरता असतो आणि त्याचा लांब वरवंटा दोन्ही हातांनी चालवतात. दगडाखाली मंद निखारे ठेवले की बियांतील स्निग्धांश सुटतो आणि कोरडी भरड हळूहळू लगद्यासारखी होते. त्यात साखर, दालचिनी आणि कधी बदाम घालून वड्या थापतात.

आज हे काम बहुतेक ठिकाणी गिरणीत होते. वाहाका शहरातील मीना नावाच्या रस्त्यावर अशा गिरण्या आहेत. ग्राहक आपल्या मनाप्रमाणे कोको, साखर, बदाम, दालचिनी यांचे प्रमाण सांगतो आणि डोळ्यांदेखत दळून घेतो. उन्हाळ्यात मसाला कांडपाला आपल्या घरच्या स्त्रिया स्वतः उभ्या राहतात, तोच हा प्रकार. आपल्यासमोर दळलेल्या मालात काय आहे हे आपल्याला ठाऊक असते, म्हणून आपल्या प्रवाशांसाठी ही जागा वेष्टनातील वड्यांपेक्षा अधिक विश्वासाची ठरते.

ही वडी नुसती खाण्यासाठी फारशी वापरीत नाहीत. ती उकळत्या पाण्यात किंवा दुधात विरघळवून 'मोलिनियो' या लाकडी रवीने घुसळतात आणि वर दाट फेस आणतात. पाण्यातील चॉकलेट ही जुनी रीत आहे. बियांचा खरा स्वाद तीतच कळतो. दूध तो झाकून टाकते.

चार लक्षणांनी पारख

चव घेण्याची पद्धत शिकण्यासाठी आपल्याला परक्या पुस्तकाची गरज नाही. तत्त्वार्थसूत्राच्या पाचव्या अध्यायात पुद्गलाची स्पर्श, रस, गंध आणि वर्ण ही लक्षणे सांगितली आहेत. पाठशाळेत आपण स्पर्श आठ, रस पाच, गंध दोन, वर्ण पाच असे मोजत आलो. चॉकलेटच्या प्याल्यासमोर बसताना हीच मोजणी उपयोगी पडते. उलट क्रमाने, वर्णापासून सुरुवात करावी.

वर्ण : पारंपरिक वडी चकचकीत नसते. ती मंद तपकिरी असते आणि तुटलेल्या कडेवर साखरेचे कण दिसतात. पृष्ठभागावर पांढुरकी झाक असली तर ती बहुधा वर आलेल्या स्निग्धांशाची असते. ती बुरशीसारखी केसाळ मात्र असू नये.

गंध : वडी अंगठ्याने किंचित चोळून हुंगावी. प्रथम भाजल्याचा वास यावा, मागून दालचिनीचा. कुबट, ओल्या गोणपाटासारखा किंवा धुराचा वास आला तर बिया नीट वाळल्या नाहीत असे समजावे. जिरे आणि धणे तळहातावर चोळून पाहणाऱ्या किराणा व्यापाऱ्याला हे शिकवावे लागत नाही.

रस : तिखट, कडू, तुरट, आंबट आणि गोड हे पाचही रस एका घोटात सापडू शकतात. आधी साखरेचा गोडवा येतो. त्यापाठोपाठ आंबवण्यातून आलेला हलका आंबटपणा जाणवतो. मग बियांचा कडूपणा आणि जिभेच्या कडांना ओढणारा तुरटपणा येतो. शेवटी दालचिनीची, क्वचित मिरचीची, बारीक झणझण राहते. घोट गिळल्यावर अर्धा मिनिट थांबावे. चांगल्या कोकोचा स्वाद त्या थांबण्यात उमलतो.

स्पर्श : येथे बहुतेकांची फसगत होते. आपल्याला ठाऊक असलेले चॉकलेट जिभेवर लोण्यासारखे विरते. ही मृदुता रोडॉल्फ लिंट यांनी १८७९ मध्ये शोधलेल्या, तासन्‌तास घोटण्याच्या यंत्राची देणगी आहे. मेक्सिकोची वडी त्या वाटेने गेलेली नाही. तिचा स्पर्श कर्कश आणि रवाळ असतो, आणि हा दोष नव्हे. रवाळ तुपाला आपण कमी प्रतीचे म्हणत नाही.

याचा सराव घरी चिक्कूवर करता येतो. पिकलेल्या चिक्कूची फोड जिभेवर ठेवून तिचा रवाळपणा आणि गुळासारखा गोडवा ओळखावा. थोड्या कच्च्या फळाचा कण चाखला की तुरट रस म्हणजे काय हे कायमचे ध्यानात राहते.

कोठे थांबावे

आता आचाराचा भाग. मेक्सिकोत वस्तूंवर आपल्याकडील हिरवा ठिपका नसतो. २०२० पासून तेथील वेष्टनांवर काळे अष्टकोनी शिक्के दिसतात. ते साखर, उष्मांक, चरबी जास्त असल्याचा इशारा देतात, शाकाहाराविषयी काही सांगत नाहीत. म्हणून पुढील गोष्टी ध्यानात ठेवाव्यात.

चॉकलेटसोबत वाहाकात जो पाव देतात, त्या 'पान दे येमा'त अंड्याचा बलक असतो. 'मोले' या प्रसिद्ध रश्श्यात कोको असला तरी कांदा-लसूण असतात आणि तो बहुधा कोंबडीच्या पाण्यात शिजवतात. राजगिऱ्याच्या वड्यांत, ज्या आपल्या चिक्कीसारख्या दिसतात, मध असू शकतो. लाल रंगाच्या मिठाईत कोचिनिया, म्हणजे निवडुंगावरील कीटकांपासून काढलेला रंग, असू शकतो. वेष्टनावर तो 'कार्मिन' किंवा १२० या क्रमांकाने येतो आणि वाहाका हे त्याचे जुने केंद्र आहे. कोको बटरच्या नावात लोणी असले तरी ते बियांतील वनस्पतिजन्य स्निग्ध आहे. त्याचा महाविगईतील लोण्याशी संबंध नाही.

'तेहाते' नावाचे एक थंड पेय तेथे मोठ्या कौतुकाने देतात. त्यात मका, कोको, एक सुवासिक फूल आणि मामे या फळाची बी वाटून घालतात. मामे हे चिक्कूच्याच कुळातील फळ. पण म्हणून चिक्कूची बी कोणी वाटून पाहू नये, ती खाण्याची नाही. तेहाते गार पाण्यात कालवलेले असते. उकाळलेल्या पाण्याचा नियम असणाऱ्यांनी ते सोडावे आणि उकळत्या पाण्यात केलेले चॉकलेट मागावे. चौविहार करणाऱ्यांनी सकाळचीच वेळ ठरवावी.

बिया आंबवण्याविषयी ज्यांच्या मनात शंका असेल त्यांनी निघण्यापूर्वी आपल्या गुरुभगवंतांना विचारावे. मेक्सिकोत 'लावादो' म्हणजे धुतलेला, जवळजवळ न आंबवलेला कोकोही मिळतो. त्याचे नाव ठाऊक असावे. आणखी तीन शब्द पाठ करावेत : 'कोन आग्वा' म्हणजे पाण्यातील, 'सिन उएवो' म्हणजे अंड्याविना, 'सिन मिएल' म्हणजे मधाविना. हात जोडून गप्प बसण्यापेक्षा हे तीन शब्द अधिक काम करतात, आणि विक्रेत्यालाही आपल्या धर्माची ओळख होते.

भावामागची माणसे

अहिंसा घटकांच्या यादीपाशी संपत नाही. मार्च २०२४ मध्ये न्यूयॉर्कच्या बाजारात कोकोचा भाव प्रथमच टनाला दहा हजार डॉलरच्या वर गेला. जगातील निम्म्याहून अधिक कोको पश्चिम आफ्रिकेतील आयव्हरी कोस्ट आणि घाना या दोन देशांतून येतो. तेथे हवामान आणि झाडांचे रोग यांमुळे पीक घटले होते. तेथील शेतकऱ्याचा भाव हंगामाच्या आरंभी सरकार ठरवते, म्हणून बाजार चढला तरी त्याच्या हाती ती तेजी तत्काळ पडली नाही. त्या बागांतील बालमजुरी थांबवण्याचा करार चॉकलेट उद्योगाने २००१ मध्ये केला. प्रश्न अजून सुटलेला नाही. मेक्सिकोत ज्या वडीवर ताबास्को किंवा चियापास अशा प्रांताचे, शक्य तर गावाचे नाव असेल, ती घ्यावी. मालाचे मूळ विचारणे ही व्यापाऱ्याची सवय येथे धर्माच्याही कामी येते.

ज्यांना प्रवास करायचा नाही त्यांना घरीही हा अनुभव घेता येईल. केरळ, आंध्र आणि कर्नाटकात कोको पिकतो. मंगळूरच्या कॅम्पको या सहकारी संस्थेचा पुत्तूर येथील चॉकलेट कारखाना १९८६ पासून चालू आहे. कोकोच्या सोललेल्या बियांचे तुकडे आणून तव्यावर मंद भाजावेत. हाताने सहज चुरडणारी पातळ दालचिनी, थोडे बदाम आणि खडीसाखर घालून मिक्सरमध्ये थांबत थांबत वाटावेत. दोन चमचे लगदा कपभर उकळत्या पाण्यात रवीने घुसळावा. अमेरिकेतील अनेक लहान चॉकलेट उत्पादक तर कोइमतूरच्या इडलीच्या पिठाच्या दगडी ग्राइंडरवरच कोको घोटतात.

कोणी म्हणेल, रसपरित्याग हे बाह्य तपांपैकी एक असताना रसाची पारख शिकायची कशाला? माझे उत्तर असे की पारख शिकलेल्याला थोडे पुरते. अर्ध्या प्याल्यात पाचही रस ओळखता आले, तर दुसरा प्याला मागण्याचे कारण उरत नाही. ऊणोदरी तेथे आपोआप साधते. आणि ज्या दिवशी त्याग करावासा वाटेल, त्या दिवशी आपण काय सोडले हे आपल्याला नेमके ठाऊक असेल. घरातील तरुणांनी आणि वडीलधाऱ्यांनी निघण्यापूर्वी एकदा एकत्र बसून काय घ्यायचे, काय सोडायचे आणि काय विचारायचे हे ठरवावे, एवढीच विनंती.

जय जिनेंद्र.