सीमोल्लंघनाचे मोल

मितींमधील सीमा किती सहज ओलांडता येते, हे सांगणारे काल्पनिक माप विज्ञानकथेत आले, तर त्याची कसोटी आकड्यात नसते. त्या मापाने पात्रावर घातलेल्या बंधनात असते. एडविन ॲबट यांच्या ‘फ्लॅटलँड’ (१८८४) मधील चौरसाला तिसरी मिती दिसते. पण द्विमितीय जगात परतल्यावर तो ती कोणालाही दाखवू शकत नाही आणि तुरुंगात पडतो. जयंत नारळीकरांच्या कथेतील गंगाधरपंत निराळ्या पानिपताच्या जगातून केवळ बखरीचे एक फाटके पान घेऊन परततात. सीमेपलीकडून इतके थोडेच आणता येते, म्हणूनच ते पटते. किंमत न मोजता सीमा ओलांडता आली, तर माप हा शास्त्रीय शब्दांचा निव्वळ अलंकार ठरतो. अभ्यासकाने म्हणून ‘किती सहज?’ याआधी ‘कोणत्या मोलाने?’ असे विचारावे.