मताचा हक्क नाही, भाला मात्र हाती

23 मार्च 1945 च्या रात्री जपानच्या ओकिनावा बेटावरील दोन शाळांच्या 222 विद्यार्थिनी आणि 18 शिक्षक हाएबारुच्या लष्करी रुग्णालयाकडे निघाले. रेड क्रॉसच्या झेंड्याखाली शुश्रूषा करायची, थोड्याच दिवसांत परतायचे, अशा समजुतीने कित्येकींनी वह्या-पुस्तके बरोबर घेतली होती. रुग्णालय म्हणजे टेकडीच्या पोटात खोदलेली भुयारे निघाली. पुरेशी भूल न देता सैनिकाचा पाय कापला जाई, तेव्हा तो घट्ट धरून ठेवायचा. कापलेला अवयव बाहेर नेऊन टाकायचा. जखमांतल्या अळ्या काढायच्या. तोफांच्या माऱ्यात पाणी आणायचे. ही कामे पंधरा ते एकोणीस वर्षांच्या मुली करत होत्या. 18 जूनला लष्कराने हे ‘हिमेयुरी’ पथक बरखास्त केले आणि अमेरिकी फौजांनी वेढलेल्या भागात मुलींना वाऱ्यावर सोडून दिले. पथकातील 136 जणांचा बळी गेला. त्यातले बहुतेक या आदेशानंतरच्या काही दिवसांतले. शरण जाणे म्हणजे कलंक, हे शाळेतच मनावर ठसवलेले. त्यामुळे काहींनी हातबॉम्बने स्वतःला संपवले.

त्याच जूनमध्ये टोकियोत नवा कायदा झाला. सतरा ते चाळीस वर्षांच्या स्त्रियांनाही ‘स्वयंसेवक’ सेनेत ओढण्याची सोय त्याने केली. कुटुंबव्यवस्था मोडेल म्हणून स्त्रियांची कामासाठीही सक्तीची भरती नको, असे काही वर्षांपूर्वी पंतप्रधान तोजो यांचे सरकारच म्हणत होते. शस्त्रे संपल्यावर ती काळजीही संपली. गावोगावी बायका बांबूच्या भाल्यांनी पेंढ्याच्या बाहुल्या भोसकू लागल्या. एका शाळकरी मुलीच्या हाती तर आरी देऊन शत्रूच्या पोटात खुपसायला सांगितले गेले. रणगाड्यांपुढे आरी!

या कवायतींची छायाचित्रे दाखवून कोणी स्त्रीशक्तीचे गोडवे गात असेल, तर ते आम्हाला मान्य नाही. युद्ध सुरू करताना या स्त्रियांना कोणी विचारले नव्हते; त्यांना मताचा अधिकारच नव्हता. तो डिसेंबर 1945 मध्ये, पराभवानंतर मिळाला. एप्रिल 1946 च्या निवडणुकीत त्यांनी प्रथम मतदान केले आणि 39 स्त्रिया संसदेत पोहोचल्या. नागरिक म्हणून नाकारायचे आणि मरणासाठी मोजायचे, हा त्या राजवटीचा गुन्हा होता.

हिमेयुरी पथकातून वाचलेल्या मुलींनी आणि त्यांच्या शाळांच्या माजी विद्यार्थिनींनी 1989 मध्ये संग्रहालय उभारले. त्यांच्या साक्षी आज तिथे जपलेल्या आहेत. जपानी मुलांच्या पाठ्यपुस्तकांत त्या पूर्ण यायला हव्यात, बरखास्तीच्या आदेशासह आणि तो कोणी दिला त्यासह.