माया, मार आणि मधला मार्ग

फुलंब्रीच्या बाजारात चार माणसे जमून मुलांचा विषय निघाला की दोन तट पडतात. एक म्हणतो, मार बंद झाला आणि पोरे बिघडली. दुसरा म्हणतो, लेकरांना काही कमी पडू देऊ नका. मग एखादा शहाणा तोड काढतो : थोडी माया, थोडा मार! माझे भांडण आहे ते या शहाण्याशी. माया आणि शिस्त ही तराजूची दोन पारडी आहेत, हे त्याला सांगितले कोणी?

माराच्या बाजूने हमखास साक्षीला ओढली जाते ती साने गुरुजींची 'श्यामची आई'. पोहायला भिणाऱ्या श्यामला तिने मारले, हे खरे. पण नाशिकच्या तुरुंगात १९३३ साली लिहिलेल्या त्या पुस्तकातून आपण नेमकी शिंपटीच तेवढी उचलावी? ओल्या पायांना माती लागू नये म्हणून हटून बसलेल्या श्यामसाठी याच माउलीने आपले लुगडे पसरले, आणि मनही असेच जप, असे सांगितले. तिथे माया कुठे संपली आणि शिस्त कुठे सुरू झाली, हे कोणी दाखवून द्यावे!

आपल्या घरी काय चालते? कापसाला भाव मिळाला नाही की बाप पोराला बडवतो. दुसऱ्या दिवशी मन खाते, म्हणून त्याच्या हाती मोबाइल देतो. मारही बापाच्या सोयीचा, लाडही बापाच्या सोयीचे! पोर यातून बरेवाईट शिकत नाही. बापाचा चेहरा वाचायला शिकते आणि चुका लपवायला शिकते. उद्या ते खऱ्या संकटात सापडले, तर सांगायला कोणाकडे जाईल?

२००९ च्या शिक्षणहक्क कायद्याच्या १७ व्या कलमाने शाळेतील शारीरिक शिक्षा आणि मानसिक छळ यांना मनाई केली. ते कलम शाळेच्या फाटकापाशी थांबते. घरात पहारा ठेवायचा तो आपणच.

आमच्याकडचा अद्रक लावणारा शेतकरी हे जाणतो. पाणी तुंबले की कंद कुजतो, तोडले की सुकतो. म्हणून तो आज पूर आणि उद्या दुष्काळ अशी पाळी लावीत नाही. रोज वाफ्यावर नजर ठेवतो. शिस्त म्हणजे ही रोजची नजर आणि बापानेही पाळलेला शब्द. ते कष्ट ज्याला नकोत, त्यालाच छडी लागते; आणि खाऊही त्यालाच लागतो.