अपील कोणाचे?

आज 9 नोव्हेंबर, राष्ट्रीय विधी सेवा दिन. ठिकठिकाणी शिबिरे होतील, पत्रके वाटली जातील. कासा-चारोटीच्या पट्ट्यात, डहाणू-तलासरीच्या पाड्यांवर यंदा एकच गोष्ट नीट सांगितली तरी पुष्कळ झाले: खुनाच्या खटल्यात आरोपी निर्दोष सुटला, तरी मृताच्या घरच्यांना स्वतः उच्च न्यायालयात जाता येते.

हा हक्क 31 डिसेंबर 2009 पासूनचा. त्याआधी पोलिसांनी उभ्या केलेल्या खटल्यात अपील करायचे की नाही, हे सरकार ठरवी आणि घरचे वाट पाहत. मग फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 372 ला परंतुक जोडले गेले. आता नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 413 मध्ये तीच तरतूद आहे. असे अपील करण्यासाठी पीडिताला आधी न्यायालयाची परवानगीही घ्यावी लागत नाही, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये दिला.

या हक्काचे मोल 2025 च्या जुलैने दाखवले. मुंबईच्या लोकल बॉम्बस्फोट खटल्यात 21 जुलैला उच्च न्यायालयाने बारा जणांना सोडले. राज्य सरकारने तातडीने दिल्ली गाठली आणि 24 तारखेला स्थगिती आणली (सुटलेल्यांना पुन्हा तुरुंगात जावे लागले नाही, हेही नोंदवायला हवे). 31 जुलैला मालेगाव बॉम्बस्फोट खटल्यातले सातही आरोपी निर्दोष ठरले. तिथे सप्टेंबरमध्ये उच्च न्यायालयात गेले ते मृतांचे नातेवाईक.

पण ही गाजलेली प्रकरणे. कासा पोलिस ठाण्याच्या हद्दीत गडचिंचले येथे 16 एप्रिल 2020 च्या रात्री जमावाने दोन साधू आणि त्यांच्या चालकाला ठार केले, तेव्हा प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. पालघर जिल्हा 2014 मध्ये ठाणे जिल्ह्यापासून वेगळा झाला होता, तरी त्या आरोपींच्या जामिनावर सुनावणी झाली ठाण्यात. ज्या खुनाची बातमी चार ओळींत संपते, त्या घरच्यांना ठाणेच लांब पडते. मग मुंबईचे उच्च न्यायालय तर विचारूच नका.

अपील म्हणजे हमखास शिक्षा नव्हे, आणि तसे असूही नये. निर्दोष ठरलेल्या माणसाच्या बाजूने कायद्याचे पारडे आणखी जड होते. पुराव्यातून दोन अर्थ निघू शकत असतील, तर उच्च न्यायालय निकालाला सहसा हात लावत नाही. नगर जिल्ह्यातल्या खर्डा येथे 2014 मध्ये दलित मुलाचा खून झाला. साक्षीदार फितूर झाले, 2017 मध्ये आरोपी सुटले आणि मग सरकारने अपिलाची घोषणा केली. फितूर साक्ष वरच्या न्यायालयात आपोआप उभी राहत नाही. तिची काळजी पहिल्या जबाबापासून घ्यावी लागते.

मात्र एक विषमता आजच दूर करता येईल. कैदेची शिक्षा झाली की आरोपीला निकालपत्राची नक्कल तिथल्या तिथे, फुकट मिळते. आरोपी सुटला तर मृताच्या आईला त्याच कागदासाठी अर्ज करावा लागतो. निकालाच्या दिवशीच ती नक्कल आणि अपिलाचा हक्क सांगणारा एक मराठी कागद तिच्या हाती द्यायला काय हरकत आहे? सरकारने तसा नियम करावा.

तोवर वाचकांनी एवढे करावे. परिसरात कोणाच्या घरी असा निकाल लागला असेल, तर त्यांना वेळ न दवडता डहाणूच्या विधी सेवा समितीकडे न्यावे. आदिवासींना आणि महिलांना तिथे मोफत वकील मिळतो; उत्पन्नाची अट नाही.