हुकूमनामा हाती, ताबा कोठे?

पक्षकाराची खरी फरफट हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होते, असे प्रिव्ही कौन्सिलने १८७२ साली म्हटले होते. दीडशे वर्षांनंतरही तेच! मार्च २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कनिष्ठ न्यायालयांतील अंमलबजावणीच्या दरखास्ती सहा महिन्यांत निकालात काढण्याचे फर्मावले. ऑक्टोबरात पाहावे तो देशभर ८,८२,५७८ दरखास्ती पडूनच! सुरतेतील भेस्तानच्या एखाद्या मराठी यंत्रमाग कामगाराने स्वतःच्या दोन खोल्यांचा दावा जिंकला, तरी बेलिफाने ताबा देईपर्यंत तो परक्याच्या घरी भाडेकरूच. वरिष्ठांनी मुदत घातली, हे योग्यच झाले. परंतु न्यायाधीशांच्या रिकाम्या जागा मुदतीने भरत नाहीत. त्या राज्य सरकारांनी आणि उच्च न्यायालयांनी मिळून भरावयाच्या असतात. तोवर जिंकलेल्यानेच हेलपाटे घालावयाचे, याला न्याय कसे म्हणावे?